गारांचं घराणं

(रेडिओवरील भाषणाचा संपादित मजकूर)

शाळकरी मुलांच्या वह्यांची शेवटची पानं कधी उलटून पाहिली आहेत का? गणिताच्या वहीत मागच्या बाजूला एक वेगळंच जग असतं. हल्ली त्या पानांवर बर्फाच्या देशातली माणसं फार दिसतात. माणसं तरी कशी म्हणायची? अंग काचेसारखं आरपार, डोक्यावर टोकदार शिंगं, हाताला बोटांऐवजी स्फटिक. त्यांत एक आई असते, एक बाप असतो, दोन-तीन पोरं असतात. ती बर्फाच्या किल्ल्यात राहतात आणि फुंकर मारली की समोरचा गोठून जातो. २०१३ साली आलेल्या ‘फ्रोझन’ या चित्रपटानं आणि मोबाइलवरच्या खेळांनी ही मंडळी बारामतीच्या पेठेपासून इंदापूरच्या वाड्यावस्त्यांपर्यंत पोहोचवली आहेत.

हे पाहून मोठी माणसं दोन गोष्टी म्हणतात. पहिली, "हे काय खूळ?" आणि दुसरी, "आपल्याकडं कुठं बर्फ आहे? हे सगळं परदेशातलं." पहिल्या प्रश्नाचं उत्तर सोपं आहे. मुलांनी असं खूळ घ्यायचं नाही तर कुणी घ्यायचं? दुसऱ्या प्रश्नाबद्दल मात्र थोडं बोलावं असं वाटतं, कारण माझ्या मते बर्फाच्या या कुटुंबाशी आपलं नातं फार जुनं आहे. आपण ते विसरलो आहोत, एवढंच.

आधी आपल्या भागातला बर्फ कुठं कुठं आहे ते पाहू. बारामती आणि इंदापूर हे दोन्ही तालुके पर्जन्यछायेतले. वर्षाचा पाऊस सरासरी पाचशे-साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास. नीरेच्या कालव्यानं आणि उजनीच्या पाण्यानं काही भाग हिरवा केला, पण ऊन काही हटलं नाही. इथं बर्फ भेटतो तो भिगवणच्या मासळी बाजारात, उजनीच्या मासळीबरोबर खोक्यांत भरलेला. भेटतो तो जत्रेतल्या गोळ्याच्या गाडीवर, किंवा दुपारच्या सुस्तीत ‘गारेगार’ अशी आरोळी ठोकत येणाऱ्या सायकलवरच्या पेटीत. हा सगळा कारखान्यातला बर्फ. आभाळातून आपल्याकडं येणारा बर्फ एकच, आणि तो म्हणजे गारा.

गारांचं एक विलक्षण आहे. त्या पडायला लागल्या की एकाच अंगणात दोन चित्रं दिसतात. पोरं ओरडत बाहेर धावतात, गारा वेचतात, तोंडात टाकतात, मुठीत धरून कोण जास्त वेळ टिकतो याची पैज लावतात. आणि त्याच अंगणाच्या कडेला त्यांचा बाप डोक्याला हात लावून उभा असतो, कारण पलीकडं डाळिंबाची बाग झोडपली जात असते, काढणीला आलेली द्राक्षं फुटत असतात, गहू आडवा होत असतो. पोरांच्या हातात खेळणं आणि बापाच्या पोटात गोळा. आपल्या भाषेत ‘गार पडली’ म्हणजे गारपीट झाली, आणि भीतीनं माणसाचे हातपायही ‘गार पडतात’. २०१४ साली फेब्रुवारीच्या अखेरीपासून मार्चच्या मध्यापर्यंत राज्यातल्या अनेक जिल्ह्यांत गारपीट झाली. ते दिवस ज्यांनी पाहिले, त्यांना हे दोन्ही अर्थ समजावून सांगायची गरज नाही.

अशा वेळी माणूस काय करतो? जे आपल्या ताब्यात नाही त्याला तो आधी चेहरा देतो, मग त्याच्याशी बोलायला जातो. आपल्या मराठी मुलखात हे बोलण्याचं काम करणारा माणूस गावाच्या व्यवस्थेतच नेमलेला होता. त्याला म्हणत गारपगारी. नागपूर, वर्धा, अमरावती या भागात ही मंडळी होती. मूळची नाथजोगी परंपरेतली. गावावरची गार परतवणं हे त्यांचं काम आणि त्याबद्दल सुगीला शेतकऱ्याकडून धान्याचा वाटा. रसेल आणि हिरालाल यांनी १९१६ साली मध्य प्रांतातल्या जातीजमातींवर मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला, त्यात या कामाचं वर्णन आहे. आभाळाचा रंग तांबडा-काळा झाला की गारपगारी हातात तलवार घेऊन मारुतीसमोर उभा राहायचा. आधी विनवणी करायचा. विनवणीनं भागलं नाही तर देवालाच धमकी द्यायचा, की ढग हटवले नाहीस तर मी इथं जीव देईन. कधी बायकापोरांनाही बरोबर आणून उभं करायचा.

आज आपल्याला याचं हसू येईल. पण जरा त्या माणसाच्या जागी उभं राहून पाहा. सगळ्या गावाचं वर्षभराचं अन्न शिवारात उभं आहे, वर आभाळ गडगडतं आहे, आणि गाव तुमच्याकडं बघतं आहे. गार पडली तर दोष तुमचा. ढगाला आणि बर्फाला कान आहेत, त्यांना कुणीतरी सांगणारं आहे, असं मानल्याशिवाय तो माणूस तिथं उभा राहिला असता का? बर्फातल्या जीवांची कल्पना ही अशी गरजेतून जन्माला येते.

आता याच गोष्टीचं दुसरं टोक पाहा, आणि ते बारामतीतच आहे. माळेगावला २००९ साली राष्ट्रीय अजैविक ताण व्यवस्थापन संस्था सुरू झाली. दुष्काळ, उष्णता, खारट जमीन, अशा रोगकिडीपलीकडच्या संकटांचा पिकांवर काय परिणाम होतो, हा तिच्या अभ्यासाचा विषय. २०१४ च्या गारपिटीनंतर या संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी एक पुस्तिका काढली. गारा का पडतात, पिकांचं नेमकं काय बिघडतं आणि गारपिटीनंतर बाग कशी सावरायची, हा तिचा विषय. मारुतीसमोर तलवार घेऊन उभा राहणारा तो माणूस आणि माळेगावातला हा अभ्यासक यांच्यात एका शतकाचं अंतर आहे. पण दोघांचा प्रश्न एकच. ही गार येते कुठून आणि तिच्यापुढं आपण काय करायचं?

गार येते कुठून, ते थोडक्यात सांगतो. फाल्गुन-चैत्रात जमीन तापते, खालची गरम हवा जोरानं वर चढते, आणि उंच ढग तयार होतात. ढगाच्या वरच्या भागात पाण्याचे थेंब शून्य अंशाखाली जाऊनही गोठलेले नसतात. तिथं बर्फाचा एखादा कण आला की हे थेंब त्याला चिकटून गोठतात. वर चढणारी हवा त्या कणाला तोलून धरते, पुन्हा वर नेते, आणि थरावर थर चढत जातो. वजन पेलेनासं झालं की गार खाली येते. मोठी गार मधोमध कापली तर कांद्यासारखे थर दिसतात. एक पांढुरका, एक पारदर्शक. ती ढगात कुठून कशी फिरली याचा हा लेखाजोखा. मुलांच्या बर्फकुटुंबातल्या एखाद्या म्हाताऱ्या आजोबांच्या अंगावर असे थर काढता येतील. आजोबांचं वय त्यावरून मोजायचं.

आता आपल्या भाषेकडं येऊ. ‘गार’ या शब्दाचे आपल्याकडं तीन अर्थ आहेत. गार म्हणजे थंड. गार म्हणजे आभाळातून पडणारा बर्फ. आणि गार म्हणजे दगडही, ज्याला आपण गारगोटी म्हणतो. पांढरी, अर्धपारदर्शक, हाताला थंड लागणारी. ज्या माणसांनी हा शब्द घडवला त्यांना वितळणारी गार आणि न वितळणारी गार एकाच घरातली वाटली. गंमत म्हणजे दूर ग्रीसमधल्या माणसांनाही तसंच वाटलं. इंग्रजीतला ‘क्रिस्टल’ हा शब्द ज्या ग्रीक शब्दावरून आला, त्याचा मूळ अर्थ बर्फ. पहिल्या शतकातला रोमन लेखक प्लिनी तर स्फटिकाचा दगड म्हणजे अतिशय कडक गोठलेला बर्फच, असं मानत होता.

ते खरं नव्हतं. गारगोटी ही सिलिकॉन आणि ऑक्सिजन यांची बनलेली, तिचा पाण्याशी संबंध नाही. पण त्या जुन्या माणसांची नजर अगदीच चुकली असंही म्हणवत नाही. हिमाच्या कणाला सहा बाजू असतात आणि स्वच्छ वाढलेल्या स्फटिकाच्या खड्यालाही सहाच बाजू असतात. आतल्या अणुरेणूंची मांडणी दोघांचीही षटकोनी घाटाची. म्हणजे चेहरेपट्टी जुळते, रक्त मात्र वेगळं. आणि स्वभाव तर उलटाच. आगपेटी येण्याआधी याच थंड गारगोटीवर पोलाद घासून ठिणगी काढत आणि ती कापसावर झेलून विस्तव करत. बर्फाच्या घराण्यातल्या एका चुलतभावाच्या पोटात आग आहे, याहून चांगली गोष्ट कुठल्या परक्या खेळात सापडेल?

या चुलतभावाचं मोठं बिऱ्हाड आपल्या पायाखालीच आहे. पुणे जिल्ह्याचा काळा खडक सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हारसाचा. तो थंड होताना आत वायूचे बुडबुडे अडकले. त्या पोकळ्यांत पुढं पाणी झिरपलं आणि त्यानं आणलेले क्षार हळूहळू स्फटिक होऊन बसले. विहीर खणताना, दगडखाणीत सुरुंग लावल्यावर, काळ्या दगडाच्या पोटात चकाकणाऱ्या पांढऱ्या सुया किंवा काचेसारखे चौकोनी खडे दिसतात, ते हेच. अ‍ॅपोफिलाइट, स्टिल्बाइट ही त्यांतली काही नावं. पुण्याजवळच्या वाघोलीच्या खाणींत सापडलेलं निळंभोर कॅव्हनसाइट जगभरच्या संग्रहालयांत मानानं ठेवलेलं आहे. सिन्नरला तर या सगळ्यांसाठी ‘गारगोटी’ याच नावाचं संग्रहालय उभं आहे.

यांतल्या एका मोठ्या गटाला झिओलाइट म्हणतात. हे नाव १७५६ साली क्रॉनस्टेट या स्वीडिश शास्त्रज्ञानं दिलं. त्याचा अर्थ उकळणारा दगड. या दगडाच्या जडणघडणीत बारीक बारीक पोकळ्या असतात आणि त्यांत पाणी धरलेलं असतं. तापवला की तो पाणी सोडतो, निवला की पुन्हा धरतो. उन्हाळ्यात टँकरची वाट पाहणाऱ्या गावांच्या खाली पाणी पोटात धरून बसलेले दगड आहेत. त्या पाण्यानं आपली तहान भागायची नाही, हे खरं. पण गोष्ट सांगायला ते पुरेसं आहे.

इथं कुणी म्हणेल, दगड आणि बर्फ यांना जीव कसा? त्यांचं कुटुंब कसलं? त्यासाठी आपल्या साखरपट्ट्यात लांब जायला नको. कारखान्यात पाक आटवताना एका टप्प्यावर त्यात साखरेचे बारीक कण बीज म्हणून सोडतात. त्या कणांवर पाकातली साखर चढत जाते आणि दाणा मोठा होतो. घरीही करता येतं. गरम पाण्यात मावेल तितकी साखर विरघळवा, त्यात दोरा सोडून भांडं झाकून ठेवा. काही दिवसांनी दोऱ्यावर खडीसाखर धरते. जपानमधल्या नाकाया नावाच्या शास्त्रज्ञानं १९३६ साली प्रयोगशाळेत पहिल्यांदा हिमाचा कण वाढवला, तोही असाच. दोऱ्याच्या जागी त्यानं सशाचा केस वापरला होता.

स्फटिकाला बीज असतं, तो वाढतो, त्याचा तुकडा पुन्हा बीज होतो. तरी तो जिवंत नाही. तो श्वास घेत नाही, त्याला भूक लागत नाही, आणि तो आतून वाढत नाही, बाहेरून चढतो. मुलांना हा फरक कळला की त्यांची कल्पना पांगळी होईल असं पुष्कळांना वाटतं. माझा अनुभव उलटा आहे. त्यांना सांगा, की तुझ्या बर्फकुटुंबातलं बाळ जेवत नाही, त्याच्या अंगावर जेवण चिकटतं. त्याचा हात तुटला तर त्या हातापासून भाऊ तयार होतो. घरात चुलीचं नाव काढायचं नाही, आणि पाहुणे आले की चहा विचारायचा नाही. मग बघा, पुढची चार पानं ते थांबायचे नाहीत. खऱ्या गोष्टी कळल्या की खोट्या जगालाही नियम मिळतात, आणि नियमांशिवाय खेळ रंगत नाही.

आता या घराण्यातल्या सगळ्यांत मोठ्या वाड्याकडं जाऊ. बर्फात राहणारं, अद्भुत देह असलेलं एक संपूर्ण कुटुंब आपल्याकडं हजारो वर्षांपासून आहे. हिमवान हा बाप, मेना ही आई, मैनाक हा मुलगा, गंगा आणि पार्वती या मुली. हिमवान एकाच वेळी पर्वतही आहे आणि माणूसही. कालिदासानं ‘कुमारसंभवा’त त्याची ही दोन्ही रूपं वर्णिली आहेत. मैनाकाला पंख होते. इंद्रानं पर्वतांचे पंख छाटायला घेतले तेव्हा तो समुद्रात लपला म्हणून वाचला. एक मुलगी पाणी होऊन वाहिली. दुसरीनं स्फटिकासारख्या शुभ्र कैलासावर राहणारा नवरा निवडला, आणि त्याची वरात पाहून आईला भोवळ आली. आजच्या कुठल्या मालिकेला याहून जास्त मसाला हवा?

थंड देशांतल्या बर्फाच्या माणसांशी यांची तुलना करून पाहा. उत्तर युरोपातल्या जुन्या कथांत हिमदैत्य हे देवांचे वैरी असतात. अँडरसनच्या १८४४ सालच्या कथेतली हिमराणी एका मुलाला उचलून नेते आणि त्याचं काळीज गोठवते. तिथं बर्फ म्हणजे मरण, म्हणून बर्फात राहणारा शत्रू. आपल्या तापलेल्या मुलखात बर्फ म्हणजे दूरचा गारवा, वाहत्या नद्यांचं उगमस्थान. म्हणून बर्फात राहणारा आपला व्याही झाला.

व्याही हा शब्द मी उगाच वापरला नाही. बारामतीहून नीरा ओलांडून फलटणच्या पुढं गेलं की शिखर शिंगणापूर लागतं. तिथं चैत्र शुद्ध अष्टमीला शंभुमहादेवाचं आणि पार्वतीचं लग्न लागतं. द्वादशीला कावडी मुंगी घाट चढतात. कऱ्हेकाठच्या सासवडहून येणारी भुतोजी तेली यांची कावड त्यांत मानाची. तीच कऱ्हा पुढं बारामतीतून वाहत जाऊन नीरेला मिळते. याच चैत्रात कित्येक घरांत तृतीयेला गौर झोपाळ्यात बसते. ती महिनाभरासाठी माहेरी आलेली असते. म्हणजे हिमालयाची लेक ऐन उन्हाळ्यात आपल्याकडं माहेरपणाला येते, आणि आपण तिला काय देतो? आंब्याची डाळ आणि पन्हं. बर्फाच्या घरात वाढलेल्या मुलीला ऊन बाधू नये म्हणून. एकीकडं ती नवरी, दुसरीकडं ती माहेरवाशीण. बायाबापड्यांना हा हिशेब कधी अडला नाही.

आणि लक्षात घ्या, गारांचाही मोसम तोच. फाल्गुन आणि चैत्र. ज्या दिवसांत आभाळातून बर्फ येऊन बाग मोडून जातो, त्याच दिवसांत आपल्या माणसांनी बर्फाच्या लेकीला घरात बसवून हळदीकुंकू केलं. संकटाचा राग त्यांनी साऱ्या कुळावर धरला नाही. मला यात फार मोठं शहाणपण दिसतं.

हिमवानाच्या घरात खरोखरचे रहिवासीही आहेत बरं का. १९८४ साली कोशिमा या जपानी शास्त्रज्ञानं नेपाळमधल्या याला हिमनदीवर एक चिलटासारखा किडा शोधला. उणे सोळा अंशांतही तो चालताना आढळला. त्याच्या अळ्या बर्फाखालच्या पाण्याच्या वाटांमध्ये शेवाळ आणि जिवाणू खाऊन वाढतात. आणि त्याचे पंख इतके खुरटलेले आहेत, की तो उडू शकत नाही. पुराणातल्या त्या पंख छाटलेल्या पर्वतांवर पंख हरवलेलाच किडा सापडावा, हा योगायोगच. पण मुलांना तो सांगायला काय हरकत आहे?

हे घर आता उन्हाला लागलं आहे. हिमालयातल्या बहुतेक हिमनद्या मागं हटत आहेत. संयुक्त राष्ट्रांनी २०२५ हे वर्ष हिमनद्यांच्या रक्षणासाठी दिलं, आणि २१ मार्च हा हिमनदी दिन ठरवला. इंदापूरच्या टोकाला नरसिंहपूरला भेटणाऱ्या नीरा आणि भीमा या दोन्ही सह्याद्रीच्या लेकी. त्यांना बर्फाचा आधार नाही, त्या पावसावरच वाहतात. तरी आपण तिथं बुडी मारताना गंगेचंच नाव घेतो. ज्या गंगेचं नाव घेतो, तिच्या माहेरची खबर ठेवणं हे आपलंही काम आहे.

पालकांना आणि शिक्षकांना माझं एवढंच सांगणं आहे. वहीच्या शेवटच्या पानावरचं बर्फाचं कुटुंब खोडू नका. त्याला आपल्याकडची नावं, आपल्याकडचे दगड, आपल्याकडचं आभाळ द्या. शिवारात नेऊन एक गारगोटी हातात ठेवा, दोऱ्यावर खडीसाखर वाढवून दाखवा, गारपगाऱ्याची गोष्ट सांगा, माळेगावात गारांचा अभ्यास कसा होतो तेही सांगा. तयार चित्रं पाहून मुलगा खूश होईल, पण आपल्या मातीतून त्यानं स्वतः एक जीव घडवला, तर तो जीव कशानं जगतो आणि कशानं मरतो याचा विचार त्याला करावाच लागेल. पुढं कधीतरी अंगणात गारा पडतील. तेव्हा तो त्या वेचेलच, त्याला अडवू नका. पण गारांच्या या घराण्याशी त्याची ओळख असेल, तर मूठ वितळायच्या आत त्याची नजर बापाच्या चेहऱ्याकडंही जाईल. आणि गार येते कुठून, तिच्यापुढं काय करायचं, हा गारपगाऱ्याचा जुना प्रश्न त्याचा स्वतःचा होईल.